दिनविशेष : २३ डिसेंबर — नोएल मारित्झ

१९९५ साली आजच्या दिवशी अमेरिकेतील कॅलिफोर्निया प्रांतात न्यूपोर्ट बीच येथे जन्मलेल्या, परंतु बालपणीच स्वित्झर्लंडला येऊन झुरिकच्या संघात नावारूपास आलेल्या फुटबॉलपटू नोएल मारित्झ यांची कारकीर्द, ज्या देशात स्त्रियांना राष्ट्रीय मतदानाचा हक्कच मुळी १९७१ साली प्राप्त झाला, त्या देशातील महिला फुटबॉलच्या उत्कर्षाची साक्ष देणारी आहे. मारित्झ या बचावफळीच्या कडेवरील खेळाडू, आणि अशा खेळाडूचे कर्तृत्व गोलांच्या हिशेबात मावत नाही. तथापि विशी गाठण्यापूर्वीच २०१३ साली जर्मनीतील वोल्फ्सबुर्ग संघात त्या दाखल झाल्यावर, लिस्बन येथे स्वीडनमधील एका क्लबविरुद्ध दोन गोलांनी मागे पडूनही ४-३ असा विजय खेचून आणीत वोल्फ्सबुर्गने २०१४ चे युरोपीय क्लब अजिंक्यपद राखले, आणि पुढे २०१५ पासून २०२० पर्यंत जर्मन चषक सलग सहा वेळा जिंकला, त्या वैभवाच्या काळात मारित्झ तेथेच होत्या. इतका दीर्घ मुक्काम एका बलाढ्य संघात टिकविणे ही, आमच्या मते, गोल करण्याहून उणी कामगिरी नव्हे.

२०२० मध्ये त्या लंडनच्या आर्सेनलकडे गेल्या, २०२३ चा लीग चषक जिंकणाऱ्या संघात राहिल्या आणि पुढल्या वर्षी अॅस्टन व्हिलात रुजू झाल्या. स्वित्झर्लंडने २०१५ साली कॅनडात प्रथमच महिला विश्वचषकात पदार्पण केले, त्या तुकडीत त्या होत्या. आणि २०२५ साली मायदेशी भरलेल्या युरोपीय स्पर्धेत प्रथमच उपांत्यपूर्व फेरी गाठणाऱ्या संघातही.