जागल्या

आतली गोष्ट बाहेर सांगणाऱ्याला मराठीत बरे नाव नव्हते. चहाडखोर, घरभेदी, फितूर हे सगळे शब्द शिवीच्या अंगाने जाणारे. सांगितलेले खरे होते का, हा प्रश्न त्यांत उद्भवतच नाही. म्हणून मराठी वृत्तपत्रे ‘व्हिसलब्लोअर’साठी ‘जागल्या’ लिहू लागली, तेव्हा मला तो शब्द एकदम आवडला. शंका नंतर आली.

पीक उभे असताना रात्री शेताची राखण करणे म्हणजे जागल. ती करणारा तो जागल्या. गावगाड्यात मात्र हे वतनाचे काम होते. कुठे रामोशी, कुठे महार, कुठे कोळी किंवा भिल्ल ते करीत. गावात परका कोण उतरला, अवेळी कोण फिरतो, यावर जागल्याची नजर असे. चोरी झाली की माग काढणेही त्याच्याकडेच. एल्फिन्स्टनने १८४१ च्या आपल्या हिंदुस्थानच्या इतिहासात गावच्या राखणदाराची रीत नोंदवली आहे. पावलांचा माग शेजारच्या गावापर्यंत नेऊन तिथल्या राखणदाराची खात्री पटवली, की याची जबाबदारी संपे आणि पुढचा शोध तो घेई. माग लागला नाही, तर भरपाई आधी याच्या मिळकतीतून आणि उरलेली साऱ्या गावाकडून.

आपण आज हा शब्द गौरवाने वापरतो. मूळचा जागल्या या कामाला जन्मानेच बांधलेला होता, हे त्यात झाकून जाते. महार वतनाच्या जाचातून सुटका व्हावी म्हणून डॉ. आंबेडकरांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात विधेयक मांडले होते.

पण माझी खरी अडचण दुसरीच आहे. जुना जागल्या पाटलाला खबर देई. नव्याला पाटलाचीच खबर द्यायची असते. सत्येंद्र दुबे हे राष्ट्रीय महामार्ग प्राधिकरणातले अभियंते. रस्त्याच्या कामातील गैरव्यवहार त्यांनी पंतप्रधानांना पत्राने कळवला आणि आपले नाव गुप्त ठेवण्याची विनंती केली. ते पत्र नावासकट सरकारी कार्यालयांतून फिरले. २७ नोव्हेंबर २००३ रोजी गयेत त्यांची गोळ्या घालून हत्या झाली. लुटीच्या प्रयत्नात ती झाली, असे तपास यंत्रणेने म्हटले; पुष्कळांना ते पटले नाही.

अशा माणसांच्या संरक्षणाचा कायदा २०१४ साली संमत झाला. तो अमलात कधी येणार, ती तारीख मात्र सरकारने वर्षानुवर्षे जाहीर केली नाही.