बार्बेराच्या मळ्यातला कर्णधार

खेळाडू निवृत्त झाला, त्याने द्राक्षमळा घेतला की वर्तमानपत्रे त्याला ‘दुसरी खेळी’ म्हणून मोकळी होतात. नील्स लिडहोल्म यांच्याबाबत मात्र सनावळीच या गोष्टीच्या आड येते.

स्वीडनच्या संघातून त्यांनी १९४८ चे ऑलिंपिक सुवर्ण मिळवले. पुढच्या वर्षी ते मिलानला गेले, आणि इटलीचेच झाले. १९५८ च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात कर्णधार म्हणून चौथ्याच मिनिटाला त्यांनी ब्राझीलवर गोल केला, वय ३५. ब्राझीलने ५-२ असा सामना जिंकला, आणि जगाच्या लक्षात राहिला तो १७ वर्षांचा पेले.

पीडमाँटमधल्या कुकारो मोन्फेर्रातो गावचा ‘विला बोएमिया’ हा मळा त्यांनी सत्तरच्या दशकात घेतला. (कोलंबस आमचाच, असा या गावाचा दावा आहे, तो वाद इथे नको.) मिलानला १९७९ चे आणि रोमाला १९८३ चे विजेतेपद मिळवून देणारे प्रशिक्षक त्यामुळे मळ्याचे मालकही होते. उतारवयातला विरंगुळा म्हणून ही गोष्ट सांगता येत नाही. माणसामागे न धावता जागा राखायची, चेंडू घाईने सोडायचा नाही, ही त्यांची शिकवण आणि बार्बेरा, ग्रिन्योलिनोच्या वेलींची निगा, दोन्ही एकाच काळात चालू होत्या. एकीतून दुसरी आली, असे म्हणायला मी धजणार नाही. चरित्रकारांना तो मोह फार होतो.

१९८४ चा युरोपीय अंतिम सामना रोमाचा संघ स्वतःच्याच मैदानावर लिव्हरपूलकडून पेनल्टींवर हरला. मळा राहिला, पुढे मुलाने सांभाळला. ५ नोव्हेंबर २००७ रोजी, वयाच्या ८५ व्या वर्षी, लिडहोल्म कुकारोतच वारले.