गेर्ट फ्रोबे : युद्धोत्तर जर्मन चित्रपटातील एका चरित्र अभिनेत्याची कारकीर्द

प्रस्तावना

इतिहासलेखनात सरकारी दफ्तरे, करारनामे आणि नेत्यांची आत्मचरित्रे ही साधने म्हणून मान्यता पावली आहेत. चित्रपटात दुय्यम भूमिका करणाऱ्या नटाकडे मात्र इतिहासाचे साधन म्हणून क्वचितच पाहिले जाते. वस्तुतः समाज स्वतःला कसा पाहतो आणि इतरांना कसा दिसतो, या दोन्ही गोष्टी अशा नटाच्या भूमिकांतून स्पष्ट होतात. प्रस्तुत लेखात गेर्ट फ्रोबे (१९१३–१९८८) यांच्या कारकिर्दीचा या दृष्टीने विचार केला आहे.

सामान्य माणूस

सॅक्सनीतील त्स्विकाऊजवळ जन्मलेल्या फ्रोबे यांनी ड्रेस्डेन येथे रंगभूमीसाठी पडदे रंगविण्याचे काम केले आणि एरिख पोंटो या ज्येष्ठ नटाकडे अभिनयाचे धडे घेतले. त्यांना खरी ओळख मिळाली ती १९४८ च्या ‘बर्लिनर बालाडे’ या चित्रपटाने. युद्धावरून उद्ध्वस्त बर्लिनमध्ये परतलेल्या सैनिकाची ही उपहासकथा आहे. नायकाचे नाव ओटो नॉर्मालफरब्राउखर. या आडनावाचा अर्थ ‘सर्वसाधारण उपभोक्ता’. शिधावाटपाच्या व्यवस्थेत ज्याला कोणताही जादा शिधा मिळत नसे, त्याच्यासाठी हा सरकारी शब्द होता. फ्रोबे त्या काळी अत्यंत कृश होते. त्यांच्या रूपाने या शब्दाला चेहरा मिळाला आणि ‘सामान्य माणूस’ या अर्थाने हे नाव जर्मन भाषेत कायमचे रूढ झाले. मात्र हा ओटो परिस्थितीने गांजलेला आहे. जे घडले त्याला आपण कितपत जबाबदार, हा प्रश्न त्याला फारसा पडत नाही.

सुस्थितीतील खलनायक

पुढील दहा वर्षांत पश्चिम जर्मनीत आर्थिक सुबत्ता आली आणि फ्रोबेही स्थूल झाले. १९५८ मध्ये लादिस्लाओ वाय्दा यांच्या ‘एस गेशाह आम हेलिख्टेन टाग’ या चित्रपटात त्यांनी लहान मुलींचा खून करणाऱ्या श्रोटची भूमिका केली. फ्रीडरिख ड्युरेनमाट हे त्याच्या पटकथाकारांपैकी एक होते. श्रोट हा दिसायला राक्षस नाही. पत्नीच्या धाकात जगणारा, नीटनेटक्या घरातील तो एक गृहस्थ आहे. सभ्य घराच्या आत गुन्हा दडलेला असू शकतो, ही जाणीव त्या काळातील प्रेक्षकाला अस्वस्थ करणारी होती.

१९६४ च्या ‘गोल्डफिंगर’ने त्यांना जागतिक कीर्ती दिली. त्यांचे इंग्रजी कच्चे असल्याने इंग्रजी आवृत्तीत त्यांच्या तोंडी मायकेल कॉलिन्स या ब्रिटिश नटाचा आवाज आहे. जर्मन आवृत्तीत त्यांचा स्वतःचा. स्वदेशात सामान्य माणसाचे प्रतीक ठरलेला नट परदेशात सोन्याचा हव्यास असलेला खलनायक ठरला.

भूतकाळाचा प्रश्न

फ्रोबे १९२९ मध्ये, वयाच्या सोळाव्या वर्षी, नाझी पक्षाचे सदस्य झाले होते. १९३७ मध्ये त्यांनी पक्ष सोडला. १९६५ मध्ये एका वृत्तपत्रीय मुलाखतीमुळे हे सदस्यत्व चर्चेत आले आणि इस्रायलमध्ये त्यांच्या चित्रपटांवर बंदी घालण्यात आली. आपल्या बोलण्याचा विपर्यास झाला, असे फ्रोबे यांचे म्हणणे होते. त्यानंतर एक ज्यू गृहस्थ पुढे आले. नाझी राजवटीत फ्रोबे यांनी आपल्याला व आपल्या आईला लपवून वाचविले, अशी साक्ष त्यांनी दिली. त्यावरून बंदी उठविण्यात आली.

१९६६ मध्ये रेने क्लेमां यांच्या ‘पारी ब्र्यूल-तिल?’ या चित्रपटात फ्रोबे यांनी जनरल डीट्रिख फॉन कोल्टित्झ यांची भूमिका केली. पॅरिस उद्ध्वस्त करण्याचा हिटलरचा आदेश न पाळणारा सेनापती अशी कोल्टित्झ यांची प्रतिमा या चित्रपटाने दृढ केली. परंतु ब्रिटिशांच्या कैदेत असताना त्यांच्या संभाषणांची जी गुप्त नोंद झाली, तीत ज्यूंच्या संहारातील आपल्या सहभागाचा त्यांनी स्वतःच उल्लेख केल्याचे आढळते. चित्रपटाने एका कृतीच्या आधारे माणूस उभा केला. दफ्तरातील कागद दुसरी बाजू सांगतो.

समारोप

नट आणि त्याने साकारलेला सेनापती यांची तुलना येथे उद्बोधक ठरते. दोघांच्याही बाबतीत एका सत्कृत्याचा आधार घेतला गेला. पण फ्रोबे यांच्या बाजूने वाचलेल्या माणसाची साक्ष होती, तर कोल्टित्झ यांच्या विरुद्ध त्यांचेच शब्द आहेत. म्हणून सदस्यत्वाची नोंद व साक्ष ही दोन्ही साधने शेजारी शेजारी ठेवूनच वाचावी लागतात. साक्षीमुळे नोंद पुसली जात नाही आणि नोंदीमुळे साक्ष खोटी ठरत नाही. त्या गृहस्थांनी मौन पाळले असते, तर फ्रोबे यांच्याविषयी आपल्या हाती केवळ पक्षसदस्यत्वाची नोंद उरली असती. सामान्य माणसाचा इतिहास लिहिताना साधनांची ही अपूर्णता अभ्यासकाने सदैव ध्यानी ठेवणे अगत्याचे आहे.