राजेळीचं कूळ

कर्जतजवळच्या दहिवलीच्या जुन्या घरांमागे मोरीचं पाणी जिथे जाऊन मुरायचं, तिथे केळी लावलेल्या असायच्या. भांडी घासलेलं, तांदूळ धुतलेलं पाणी त्यांनाच मिळायचं. पलीकडे उल्हास नदी आणि पावसाळ्यात कर्जतवर कोसळणारा पाऊस. केळीला आणखी काय हवं? पानं जेवायला, कोका भाजीला, सोप सत्यनारायणाच्या चौरंगाला. आणि लोंगर राजेळीचा असेल, तर त्यातली एक फणी माझी आजी कुणाला न विचारता बाजूला काढून ठेवायची. ती भरल्या केळ्यांची.

भाजलेल्या फळाच्या पोटात चीज आणि अक्रोड भरून जेवणानंतर खायची रीत आता आपल्याकडे ओळखीची झाली आहे. पुरंदरचं अंजीर मध्यभागी चिरून, त्यात चीज घालून, वरून मध सोडून भट्टीत भाजतात. चवीला ते छानच लागतं. पण फळ चिरावं, त्याचं पोट भरावं आणि मंद आचेवर भाजावं, ही कल्पना आपल्या घरात फार आधीपासून आहे. भरलं केळं हे तिचं नाव. त्याचं कूळ शोधत गेलो, तेव्हा परसातल्या त्या केळीची मुळं मला दोन महासागरांपलीकडे गेलेली दिसली.

आधी करायचं कसं ते सांगतो, कारण पुढची कथा त्या कृतीतच आहे. राजेळी केळं चांगलं पिकलेलं, सालीवर काळे ठिपके आलेलं, पण दाबलं तर घट्ट लागणारं घ्यायचं. साल काढून लांबीच्या बाजूने चीर द्यायची. आजीचा हात इथे हळू व्हायचा. "चीर पोटाला द्यायची रे, पाठ सुटता कामा नये," ती म्हणायची. आतली काळपट दोरी असेल तर काढून टाकायची. ओल्या नारळाचा चव साखर किंवा गूळ घालून थोडा परतून घ्यायचा, म्हणजे त्याचं पाणी आटतं. ओलसर सारण भरलं तर ते तापल्यावर पाणी सोडतं आणि चीर उघडते. त्यात वेलचीची पूड, काजूचे तुकडे, बेदाणे. काही घरांत मूठभर खवाही. सारण भरलं की पसरट भांड्यात साजूक तूप सोडून केळी चीर वर करून मांडायची, झाकण ठेवायचं आणि झाकणावर चुलीतले निखारे पसरायचे. खालून मंद आच, वरून निखाऱ्यांची धग. केळं सोनेरी तांबूस होतं, कडेची साखर तुपात तांबूस होते, आणि त्या वासाने पडवीत बसलेली माणसं आपणहून आत येतात.

आता नाव पाहू. भरली वांगी, भरली मिरची, भरलं पापलेट, भरलं केळं. पदार्थाला वेगळं नाव न देता जे केलं तेच नाव म्हणून ठेवायचं, ही मराठी स्वयंपाकघराची सवय. गंमत अशी की हा पदार्थ पश्चिम किनाऱ्यावर जिथे जिथे आहे, तिथे नावाचा अर्थ तोच आहे. गुजरातेत 'भरेलां केळां' आहेत. त्यात बेसन, कोथिंबीर, मिरची भरतात आणि ती जेवणात भाजी म्हणून वाढतात. खाली मलबारात, कोळिकोडकडच्या मुसलमान घरांत, 'पळम् निरच्चदु' करतात. त्याचाही शब्दश: अर्थ 'भरलेलं केळं'. तिथे नेंद्रन केळ्यात खोबरं, साखर, काजू, बेदाणे आणि बरेचदा अंडं घालून ते तुपात तळतात. या दोहोंच्या मधे उत्तर कोकणातलं आपलं भरलं केळं आहे. मलबाराशी त्याचं नातं अधिक जवळचं, आणि त्याचं कारण केळ्याच्या जातीतच आहे.

राजेळी आणि नेंद्रन एकाच कुळातली भावंडं. केळ्याचे मूळ रानटी पूर्वज दोन: मुसा अॅक्युमिनाटा आणि मुसा बाल्बिसियाना. राजेळीच्या पेशीत पहिल्याचे दोन वाटे आहेत आणि दुसऱ्याचा एक. अशा केळ्यात पिष्ट जास्त असतं. पिकताना त्याची साखर होत जाते, तरी गर लवकर ढासळत नाही. म्हणून राजेळी तापलेल्या तुपात आकार धरून राहते आणि आतलं सारण सांभाळते. वेलची केळं चवीला कितीही गोड असलं तरी तव्यावर त्याचा लगदा होतो. जळगावकडचं बसराईही तसंच. आजीला हे शास्त्र ठाऊक नव्हतं, पण बाजारातून दुसरं केळं आणलं तर ती शिकरण करायची, भरायला घ्यायची नाही.

केळ्याची लागवड माणसाने कुठे सुरू केली याचा सर्वांत जुना भक्कम पुरावा न्यू गिनीतल्या कुक दलदलीत सापडला, तो सुमारे साडेसहा ते सात हजार वर्षांपूर्वीचा. तिथून आणि आग्नेय आशियातून ही झाडं बेटाबेटांनी, किनाऱ्याकिनाऱ्यांनी पसरली. संस्कृतात केळीला कदली म्हटलं, रंभा म्हटलं, मोचा म्हटलं. कदलीचं प्राकृतात घासून घासून केळ झालं. अरबीत केळ्याला 'मौझ' म्हणतात आणि हा शब्द 'मोचा'वरून गेला असं मानतात. त्या मौझवरून पुढे लिनियसने 1753 साली झाडाला शास्त्रीय नाव दिलं, मुसा पॅराडिसियाका, म्हणजे स्वर्गातली केळ.

पोर्तुगीज इथे आले तेव्हा त्यांनी केळ्याला काय म्हणावं? अंजीर! 'भारतातलं अंजीर' याच नावाने ते केळ्याबद्दल लिहीत. गार्सिया द ओर्ता हा वैद्य गोव्यात राहत होता आणि मुंबई बेटही त्याच्याकडे भाडेपट्ट्याने होतं. त्याचा औषधी वनस्पतींवरचा संवादग्रंथ 1563 साली गोव्यात छापला गेला. त्यात तो या 'अंजिरां'बद्दल लिहितो आणि भाजलेल्या केळ्यावर दालचिनी घालून खाण्याचाही उल्लेख करतो. म्हणजे साडेचारशे वर्षांपूर्वी या किनाऱ्यावर केळं भाजून, त्यावर सुगंधी मसाला घालून गोड म्हणून खाल्लं जात होतं, याची छापील नोंद आहे. आज चीज भरून अंजीर भाजणारे आणि तुपात केळं भाजणारे आपण, या दोघांची गाठ त्या एका जुन्या शब्दात पडते.

याच पोर्तुगिजांनी सारणातला एक ऐवजही आणला. काजू मूळचा ब्राझीलचा. तिथल्या तुपी लोकांच्या 'अकाजू' शब्दाचं पोर्तुगिजांनी 'काजू' केलं आणि आपण तो शब्द जसाच्या तसा घेतला. 1578 साली ख्रिस्तोव्हाव द कोस्ता याने कोचीनच्या बागांमधली काजूची झाडं नोंदवली आहेत. म्हणजे तोवर हे झाड आपल्या किनाऱ्यावर रुजलं होतं. देवाणघेवाण दोन्ही बाजूंनी झाली. आपल्या बाजूचं केळं अटलांटिकपलीकडे गेलं, आणि ब्राझीलच्या पर्नाम्बुकू प्रांतात 'कार्तोला' नावाचा पदार्थ झाला. तळलेलं केळं, त्यावर चीज, त्यावर साखर आणि दालचिनी. इकडे काजू केळ्याच्या पोटात गेला, तिकडे केळ्यावर चीज आलं.

मग आपण केळ्यात चीज का घातलं नाही? दूध नासवून काढलेला गोळा आपल्याला माहीत नव्हता, असं नाही. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने 1129च्या सुमारास लिहिलेल्या 'मानसोल्लास' ग्रंथात दूध फाडून त्याच्या घट्ट भागाचे गोड पदार्थ करण्याची कृती आहे. पण पुढे मराठी घरांत दूध नासणं अशुभ मानलं गेलं. आपण दूध आटवलं, विरजलं आणि घुसळलं. खवा, चक्का, लोणी, तूप काढलं. आणि कोकणात तर दुधाचं पुष्कळसं काम नारळानेच केलं. चीज फळात जे करतं, म्हणजे आंबटगोड गराला स्निग्ध जोड देतं, तेच भरल्या केळ्यात नारळाचा चव आणि तूप करतात. म्हणून या पदार्थात काही कमी आहे असं मला कधीच वाटलेलं नाही.

उरले बेदाणे. पूर्वी मुंबईच्या बाजारात बेदाणे-मनुका अफगाणिस्तानातून यायच्या. कल्याणहून खोपोलीपर्यंतची रेल्वे 1856 साली सुरू झाली, 1863 साली भोर घाटाचा लोहमार्गही उघडला, आणि मुंबईचा माल कर्जतच्या दारात आला. आज आपण सांगली-तासगावचे बेदाणे वापरतो. सांगलीच्या बेदाण्याला 2016 साली भौगोलिक मानांकनही मिळालं. वेलची मात्र आपल्याच सह्याद्रीच्या दक्षिण टोकाची.

या सगळ्यात राजेळीचं माहेर म्हणून नाव घ्यायचं ते वसईचं. 1882च्या ठाणे गॅझेटियरमध्ये आगाशीच्या वाळवलेल्या केळ्यांची नोंद आहे. तीच आपली सुकेळी, आणि ती राजेळीचीच करतात. पिकलेल्या राजेळी सोलून उन्हात वाळवल्या की त्या मधासारख्या तपकिरी आणि चिवट गोड होतात. त्या काळी कर्जत तालुका ठाणे जिल्ह्यातच होता. वसईने राजेळी वाळवून टिकवली, आणि उत्तर कोकणातल्या कायस्थ प्रभू, पाठारे प्रभू आणि इतर कितीतरी घरांनी ती भरून, भाजून सणाच्या पानावर आणली. त्यात धान्य नाही, त्यामुळे भरलं केळं उपासालाही चालतं. श्रावणी सोमवार, एकादशी, गणपती यांतल्या कुठल्याही दिवशी ते नैवेद्याला ठेवता येतं. घरात नारळ आणि तूप असलं आणि मागे राजेळीचा घड पिकलेला असला, की वाण्याकडून फारसं काही आणावं लागत नसे. उपासाचा दिवस आणि परसातलं फळ, या दोन गोष्टींनी हा पदार्थ पिढ्यान्‌पिढ्या चालत ठेवला.

आता ज्या गोष्टीसाठी हे सगळं लिहायला घेतलं तिच्याकडे येतो. राजेळीला बी नसतं. तिच्यात रुजणारं बीज तयारच होत नाही. तिचा वंश मुनव्यांनी चालतो. एक केळ एकदाच विते. घड उतरवला की तिला तोडतात, आणि तिच्या बुंध्याशी आलेला मुनवा तिची जागा घेतो. तो मुनवा कुणीतरी खणून शेजारच्या आळीत दिला, कुणी सासरी नेला, कुणी बैलगाडीत घालून दुसऱ्या गावी नेला. म्हणजे आजची प्रत्येक राजेळी ही कुठल्यातरी प्राचीन झाडाचाच तुकडा आहे, आणि तो तुकडा हजारो वर्षं न तुटता माणसांच्या हातातून हातात आला आहे. कूळ या शब्दाला याहून नेमका अर्थ मला सापडलेला नाही. भरल्या केळ्याची कृतीही तशीच आली. पुस्तकं झाली ती पुढे. 1910 साली लक्ष्मीबाई धुरंधरांनी 'गृहिणीमित्र' लिहून हजार पाकक्रिया घराबाहेर आणल्या, 1970 साली कमलाबाई ओगल्यांची 'रुचिरा' घरोघर गेली. पण चीर किती खोल द्यायची, सारण किती कोरडं करायचं आणि निखारे कधी काढायचे, हे आजीच्या शेजारी बसूनच कळलं.

हाताने चालणारं कूळ हात थांबले की संपतं. दहिवलीत आता घरामागे मोरीचं पाणी मुरत नाही, ते पाइपातून गटारात जातं. परसाच्या जागी इमारती आल्या. बाजारात गाड्यावर जी केळी दिसतात ती बहुधा कॅव्हेंडिश कुळातली, लवकर पिकणारी आणि लांब पाठवता येणारी. खायला ती चांगली आहेत, पण भरायला घेतली तर तव्यावर टिकत नाहीत. मग भरली केळी नीट होत नाहीत, आणि दोन वेळा बिघडली की घरातला तो पदार्थ बंद पडतो. राजेळी गेली की मागोमाग भरलं केळंही जातं.

म्हणून ज्यांच्या घरामागे, सोसायटीच्या कुंपणाशी किंवा शेतघराच्या विहिरीजवळ चार हात ओली जागा आहे, त्यांना माझं एवढंच सांगणं आहे. पावसाळ्याच्या तोंडावर वसईकडच्या किंवा कोकणातल्या कुठल्याही ओळखीच्या बागेतून राजेळीचा एक मुनवा मागून आणा आणि जिथे स्वयंपाकघराचं पाणी जातं तिथे लावा. वर्ष-सव्वा वर्षात घड येईल. त्यातली एक फणी भरण्यासाठी ठेवा, आणि बुंध्याशी आलेला नवा मुनवा शेजाऱ्याला द्या.