वेल्सचा एक धंदेवाईक खेळाडू : फ्रेड कीनॉर

खेळांचा इतिहास बहुधा विजयाच्या दिवसांनीच भरलेला असतो. चषक कोणत्या दिवशी जिंकला आणि तो कोणी उंच धरला, एवढे सांगितले की इतिहासकाराचे कार्य संपले असे मानण्यात येते. परंतु जो मनुष्य आठवड्याच्या वेतनावर खेळतो, त्या धंदेवाईक खेळाडूच्या आयुष्यात असा दिवस एखादाच उगवतो. उरलेली वीस वर्षे चिखलात, थंडीत, आगगाडीच्या प्रवासात आणि पुढील हंगामाच्या विवंचनेत जातात. वेल्सच्या फ्रेड कीनॉरचे चरित्र या दृष्टीने मोठे बोधप्रद आहे. ब्रिटनमधील फुटबॉलचा सर्वांत मानाचा चषक त्याच्या हाती आला खरा. पण त्याच्या खेळाचा आरंभ खालच्या वर्गात झाला आणि शेवटही खालच्याच वर्गात झाला.

हे चरित्र समजण्यासाठी त्या धंद्याची घडण प्रथम ध्यानात घेतली पाहिजे. पैसे घेऊन फुटबॉल खेळण्यास इंग्लंडमध्ये १८८५ साली अधिकृत मान्यता मिळाली आणि १८८८ साली ‘फुटबॉल लीग’ स्थापन झाली. पुढे १९२१ पर्यंत या लीगमध्ये पहिला वर्ग, दुसरा वर्ग आणि उत्तर व दक्षिण अशा दोन शाखांचा तिसरा वर्ग अशी शिडी तयार झाली. हंगामाच्या अखेरीस वरच्या वर्गातील तळाचे संघ खाली उतरत आणि खालच्या वर्गातील अग्रेसर संघ वर चढत. खेळाडूच्या वेतनाला मात्र कायमची कमाल मर्यादा होती. १९०१ साली ती आठवड्याला ४ पौंड ठरली. १९२२ पासून हंगामात ८ पौंड आणि उन्हाळ्यात ६ पौंड अशी झाली. मैदानावर लाखभर लोक जमले तरी खेळाडूच्या हातात याहून अधिक वेतन पडत नसे. शिवाय संघाने नाव मोकळे केल्यावाचून त्याला दुसऱ्या संघाकडे जाता येत नसे. करार संपला तरी हे बंधन सुटत नसे. खेळाडू वेतन घेई; पण त्याच्या खेळावरील सत्ता संघाची असे.

फ्रेड कीनॉरचा जन्म ३१ जुलै १८९४ रोजी कार्डिफ येथे झाला. कार्डिफ हे त्या काळी कोळशाचे शहर होते. दक्षिण वेल्सच्या डोंगरी खोऱ्यांतून खणलेला कोळसा आगगाड्यांनी येथील गोद्यांत येई आणि जगभर जाई. १९१३ या एका वर्षात या बंदरातून एक कोटी टनांहून अधिक कोळसा परदेशी गेला. खोऱ्यांतील लोकांचा आवडता खेळ रग्बी हा होता. पायाने खेळावयाचा फुटबॉल दक्षिणेत नवखाच होता. कार्डिफचा संघ १८९९ साली ‘रिव्हरसाइड’ या नावाने एका क्रिकेट मंडळाच्या सभासदांनी काढला. त्याचा प्रवर्तक बार्टली विल्सन हा शिळाछापावर चित्रे काढणारा कारागीर होता. १९१० मध्ये संघाला निनियन पार्क हे मैदान मिळाले आणि तो धंदेवाईक झाला. १९१२ साली कीनॉरने या संघाशी करार केला, तेव्हा संघ ‘सदर्न लीग’च्या दुसऱ्या वर्गात होता आणि त्याचे वेतन आठवड्याला अवघे १० शिलिंग होते.

तो स्थिरावतो न स्थिरावतो तोच महायुद्ध पेटले. धंदेवाईक खेळाडू तरणेबांड असूनही मैदानावर चेंडू लाथाडीत बसले आहेत, अशी टीका इंग्लंडमध्ये होऊ लागली. तिला उत्तर म्हणून डिसेंबर १९१४ मध्ये मिडलसेक्स रेजिमेंटची १७ वी पलटण उभी राहिली. ती ‘फुटबॉल पलटण’ याच नावाने ओळखली गेली. कीनॉर तीत दाखल झाला. १९१६ च्या उन्हाळ्यात सोमच्या रणसंग्रामात तोफगोळ्याचा तुकडा त्याच्या पायात घुसला. ज्या पायावर पोट भरावयाचे तोच पाय जायबंदी झाला. आपला खेळ संपला असे त्यास वाटले, तर नवल नाही. त्या पलटणीतील कित्येक खेळाडू तर परत आलेच नाहीत. पाय बरा होण्यास काळ लागला. युद्ध संपल्यावर काही दिवस त्याने गॅसच्या कारखान्यात काम केले आणि घरोघर दूधही घातले. मग तो पुन्हा निनियन पार्कवर हजर झाला.

यानंतरचा दहा वर्षांचा काळ हा संघाच्या आणि त्याच्या उत्कर्षाचा होय. १९२० साली कार्डिफला लीगच्या दुसऱ्या वर्गात प्रवेश मिळाला आणि एकाच हंगामात तो पहिल्या वर्गात चढला. कीनॉर मधल्या फळीत खेळे. त्याच्या खेळात नजाकत थोडी आणि नेट फार होता. प्रतिस्पर्ध्याच्या पायातून चेंडू काढून घेणे, धडक देणे, पडणे आणि पुन्हा उठणे हे त्याचे काम. १९२० पासून तो वेल्सच्या राष्ट्रीय संघातही खेळू लागला. फेब्रुवारी १९२४ मध्ये वेल्स आणि स्कॉटलंड यांचा सामना निनियन पार्कवर झाला. त्या दिवशी वेल्सचा कप्तान कीनॉर होता, तर स्कॉटलंडचा कप्तान कार्डिफच्याच संघातील जिमी ब्लेअर होता. एकाच संघाचे दोन सोबती दोन राष्ट्रांचे नायक होऊन आपल्याच मैदानावर समोरासमोर उभे राहावेत, हा प्रसंग विरळाच. वेल्सने तो सामना २-० असा जिंकला.

त्याच हंगामात कार्डिफच्या तोंडचा घास अगदी थोडक्यात गेला. शेवटच्या दिवशी हडर्सफील्ड आणि कार्डिफ या दोन्ही संघांचे ५७ गुण झाले. अशा वेळी केलेल्या गोलांना खाल्लेल्या गोलांनी भागून निर्णय लावीत. हडर्सफील्डचे ६० आणि ३३, कार्डिफचे ६१ आणि ३४. भागाकारात ०.०२४ एवढाच फरक निघाला आणि विजेतेपद हडर्सफील्डकडे गेले. अखेरच्या सामन्यात कार्डिफला मिळालेला दंडाचा फटका वाया गेला नसता, तर निकाल उलटा लागता. पुढच्याच वर्षी, १९२५ मध्ये, चषकाच्या अंतिम सामन्यातही कार्डिफ शेफील्ड युनायटेडकडून एका गोलाने हरले.

१९२६ साल दक्षिण वेल्सला भयंकर गेले. मे महिन्यात खाणमालकांनी कामगारांपुढे खाणींची दारे बंद केली आणि तो लढा हिवाळ्यापर्यंत चालला. खोऱ्यांतील हजारो घरांत चूल पेटणे कठीण झाले. खाणकामगार अखेर कमी मजुरी आणि अधिक तास पत्करून कामावर गेले. कीनॉरचेही दिवस बरे नव्हते. संघातील त्याची जागा गेली आणि त्याचे नाव विक्रीच्या यादीत आले. पण गिऱ्हाईक मिळण्यापूर्वीच संघाची घसरगुंडी सुरू झाली, त्याला परत बोलावणे आले, आणि वसंत ऋतूत हाच मनुष्य कप्तान म्हणून वेंब्लीच्या मैदानावर उतरला.

तो दिवस २३ एप्रिल १९२७. समोर लंडनचा आर्सेनल संघ होता. प्रेक्षक ९१ हजारांवर आणि त्यांत बादशहा पाचवे जॉर्ज. कार्डिफच्या अकरा जणांत वेल्सचे तीन, आयर्लंडचे चार, स्कॉटलंडचे तीन आणि इंग्लंडचा एकच खेळाडू होता. या सामन्याची आणखी एक अपूर्वाई आहे. चषकाचा अंतिम सामना नभोवाणीवरून प्रथम ऐकविला गेला तो याच दिवशी. श्रोत्यांच्या सोयीसाठी मैदानाचा चौकटी पाडलेला नकाशा छापण्यात आला होता. एक निवेदक खेळाचे वर्णन करी आणि दुसरा चेंडू कोणत्या क्रमांकाच्या चौकटीत आहे ते सांगे. ज्यांना लंडनचे गाडीभाडे परवडणारे नव्हते अशा वेल्सच्या असंख्य लोकांनी तो सामना कानांनी पाहिला. मुंबईचे नभोवाणी केंद्र यानंतर अवघ्या तीन महिन्यांनी, २३ जुलै १९२७ रोजी, सुरू झाले.

सामन्याचा निकाल एका चमत्कारिक गोलाने लागला. ७४ व्या मिनिटाला कार्डिफच्या ह्यूई फर्ग्युसनने मारलेला चेंडू फारसा जोरकस नव्हता. आर्सेनलच्या गोलरक्षकाने तो धरलाही. पण तो त्याच्या छातीखालून निसटला आणि हळूहळू गडगडत रेषेपार गेला. हा गोलरक्षक डॅन लुईस स्वतः वेल्सचाच, ऱ्होंदा खोऱ्यातला. वेल्सला चषक मिळाला तो वेल्सच्याच एका पुत्राच्या चुकीने! कीनॉरने चषक स्वीकारला आणि तो कार्डिफला आला तेव्हा त्याच्या स्वागताला लाखावर लोक रस्त्यावर उभे होते. १८७२ पासून चालत आलेला हा चषक इंग्लंडबाहेर गेला तो आजवर एवढ्या एकाच वेळी.

येथेच कथा संपविली तर ती गोड होईल, परंतु खरी होणार नाही. कोळशाचा धंदा बसत गेला, तशी निनियन पार्कवरची गर्दी आटली आणि संघाचा पैसाही आटला. १९२९ साली कार्डिफ पहिल्या वर्गातून खाली आले. गंमत अशी की त्या हंगामात पहिल्या वर्गात सर्वांत कमी गोल कार्डिफनेच खाल्ले होते. पण गोल करणारेच कोणी उरले नव्हते. १९३१ मध्ये संघ तिसऱ्या वर्गात उतरला.

या उतरणीवरच कीनॉरचे खरे मोल दिसून आले. ऑक्टोबर १९३० मध्ये ग्लासगोच्या आयब्रॉक्स मैदानावर स्कॉटलंडशी सामना ठरला होता. लीगच्या संघांनी शनिवारच्या दिवशी आपले खेळाडू वेल्सला देण्याचे नाकारले. वेल्सच्या संघटनेचे चिटणीस टेड रॉबिन्स यांनी मिळतील तेथून माणसे गोळा केली : कोणी तिसऱ्या वर्गातले, कोणी लीगबाहेरचे, कोणी निव्वळ हौशी. बहुतेकांनी राष्ट्राचा सदरा त्या दिवशी प्रथमच अंगात घातला. ‘कीनॉर आणि दहा अनोळखी’ असे या संघाचे नाव पडले. स्कॉटलंड गोलांची रास घालणार याविषयी कोणास शंका नव्हती. पण सामना सुरू होऊन सहा मिनिटे होतात न होतात तोच रेक्सॅमच्या टॉमी बॅमफर्डने वेल्सचा गोल केला. स्कॉटलंडने बरोबरी साधली. त्यापलीकडे मात्र छत्तीस वर्षांच्या कीनॉरने आणि त्याच्या दहा साथीदारांनी त्यांना जाऊ दिले नाही. सामना १-१ असा सुटला. वेंब्लीच्या विजयात दैवाचा हात होता. या बरोबरीत दैवाला फारसा वाटा नव्हता.

१९३१ मध्ये, एकोणीस वर्षांच्या चाकरीनंतर आणि सुमारे ५०० सामन्यांनंतर, कार्डिफने त्याला निरोप दिला. तो उत्तरेस क्रू ॲलेक्झांड्रा या तिसऱ्या वर्गातील संघाकडे गेला. क्रू हे रेल्वेचे कारखाने आणि जंक्शन यांसाठी प्रसिद्ध असलेले छोटे गाव; तेथे गाडी बदलावयास सर्वजण उतरतात, मुक्कामाला फार थोडे राहतात. कीनॉर तीन हंगाम राहिला आणि वेंब्लीवर खेळे त्याच नेटाने खेळला. १९३२ मध्ये वेल्सने त्याला पुन्हा बोलाविले, तेव्हा तो याच संघात होता. राष्ट्रीय संघातील त्याचे ३२ सामने अशा रीतीने पुरे झाले. १९३४ साली त्याने लीग सोडली. त्याच वर्षी कार्डिफ तिसऱ्या वर्गाच्याही तळाशी गेले आणि लीगमधील आपली जागा टिकविण्यासाठी त्यांना इतर संघांची मते मागावी लागली.

पुढे केंट परगण्यातील टनब्रिज वेल्स येथे खेळाडू व व्यवस्थापक अशी दुहेरी जबाबदारी त्याने काही काळ पत्करली. मधुमेह जडल्यावर खेळ सुटला. मग त्याने कोंबड्या पाळण्याचा धंदा केला, आणि उतारवयात कार्डिफला परतून साधी नोकरी धरली. ज्या शहराने त्याच्यासाठी रस्ते भरून टाकले होते, त्याच शहराच्या रस्त्यांवरून तो इतर कामगारांप्रमाणे कामावर जाई. १९ ऑक्टोबर १९७२ रोजी तो मृत्यू पावला. वेतनाची कमाल मर्यादा १९६१ साली उठली, तेव्हा तो साठी उलटून बराच पुढे गेला होता. तिचा त्यास काय उपयोग?

२०१२ साली कार्डिफच्या नव्या मैदानाबाहेर कीनॉरचा पुतळा उभा राहिला. त्यासाठी संघाच्या चाहत्यांनी पुढाकार घेऊन वर्गणी जमविली. चषक हाती धरलेला कप्तान या पुतळ्यात दिसतो आणि ते योग्यही आहे, कारण शहराला आठवतो तो हाच दिवस. पण १० शिलिंगांचा पोरसवदा नोकर, सोमच्या चिखलात पडलेला शिपाई, दुधाच्या फेरीवरचा माणूस आणि क्रूच्या मैदानावरील पिकल्या वयाचा खेळाडू हे सारे त्याच ब्राँझमध्ये आहेत. वर्ग पहिला असो वा तिसरा, घेतलेल्या वेतनाचे काम चोख करावयाचे, एवढाच त्याचा धर्म होता. चषक त्याच्या हाती एकदाच आला; हा धर्म मात्र त्याने बावीस वर्षे पाळला.