वाटणीचा दावा आणि कोर्ट फी

‘घर साठ लाखांचं, मग फी किती लागेल!’ या धास्तीनेच अनेक जण वाटणीचा दावा लावत नाहीत. महाराष्ट्रात १९५९ च्या कोर्ट फी कायद्याचं कलम ६(७) सांगतं की फी तुम्ही मागता त्या हिश्श्याच्या किमतीवर लागते, संपूर्ण मिळकतीच्या नाही. तीन भावंडांच्या त्या घरात एकाचा हिस्सा एक तृतीयांश असेल, तर दाव्याचं मूल्यांकन वीस लाख. दावा मोठा असला तरी फीला कायद्यानेच कमाल मर्यादा घातली आहे.

बहिणींनी आणखी एक गोष्ट वकिलांना जरूर विचारावी. १ ऑक्टोबर १९९४ च्या शासकीय अधिसूचनेने काही प्रकारच्या दाव्यांत महिला पक्षकारांना कोर्ट फी माफ केली; आपला वाटणीचा दावा त्या सवलतीत बसतो का, हे तपासून घ्यावं. अनेकींना हे कुणी सांगतच नाही!

फी वाचवायला किंमत मुद्दाम कमी दाखवू नका. प्रतिवादी हरकत घेतो, मग त्याच मुद्द्यावर तारखा पडतात. कोर्ट मूल्यांकन दुरुस्त करायला मुदत देतं. तेवढ्यात ते केलं नाही, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७ नियम ११ खाली दावाच फेटाळला जातो.