बदली, शासकीय कर्मचाऱ्यांची : न्यायालयीन आव्हाने

शासकीय कर्मचाऱ्यास एका पदावरून दुसऱ्या पदावर अथवा एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी नेमण्याच्या प्रशासकीय कृतीस बदली म्हणतात. भारतीय सेवाविधीत ती शिक्षा मानली जात नाही. सेवेतील एक स्वाभाविक घटना मानली जाते. १ जानेवारी १९२२ पासून अंमलात आलेल्या मूलभूत नियमांपैकी पंधराव्या नियमाने शासनास हा अधिकार दिला. अकार्यक्षमता, गैरवर्तन किंवा कर्मचाऱ्याची लेखी विनंती ही कारणे वगळता त्यास कमी वेतनाच्या पदावर पाठविता येत नाही, एवढेच बंधन त्यात होते. संविधानाच्या ३११ व्या अनुच्छेदाने बडतर्फी, सेवेतून काढून टाकणे व पदावनती यांविरुद्ध चौकशीचे संरक्षण दिले. त्यात बदलीचा उल्लेख नाही. त्यामुळे चौकशीचा खटाटोप टाळून नकोसा अधिकारी दूर करण्याचे सोपे साधन शासनकर्त्यांच्या हाती राहिले. आदेशात ‘प्रशासकीय कारणास्तव’ एवढे दोन शब्द लिहिले की पुरे होत असे.

या साधनाची पहिली मोठी न्यायालयीन परीक्षा तमिळनाडूत झाली. राज्याचे मुख्य सचिव ई. पी. रॉयप्पा यांना १९७१ मध्ये राज्य नियोजन आयोगाच्या उपाध्यक्षपदी व पुढील वर्षी विशेष कार्याधिकारी म्हणून नेमण्यात आले. ही पदे मुख्य सचिवपदाच्या तोडीची नाहीत व मुख्यमंत्र्यांच्या रोषामुळे आपणास हलविले, असे त्यांचे म्हणणे होते. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने नोव्हेंबर १९७३ मध्ये त्यांची याचिका फेटाळली. दुष्ट हेतूचा आरोप करणे सोपे, परंतु तो सिद्ध करण्याचा भार फार जड असतो आणि केवळ संशय पुरावा होऊ शकत नाही, असे पीठाने ठरविले. मात्र याच निकालात न्यायमूर्ती भगवती यांनी समता व मनमानी एकत्र नांदू शकत नाहीत, हे तत्त्व चौदाव्या अनुच्छेदाच्या विवेचनात मांडले. पुढे अनेक क्षेत्रांतील नागरिकांना त्याचा आधार मिळाला. ज्यांच्या प्रकरणात ते जन्मले, त्या अधिकाऱ्यास मात्र मिळाला नाही.

त्यानंतरच्या वीस वर्षांत न्यायालयांचा हात अधिकच आखडला. कर्नाटकातील एका प्रकरणात (१९८६) वारंवार व अवेळी होणाऱ्या बदल्यांनी कुटुंबाची घडी विसकटते व मुलांच्या शिक्षणास बाधा येते, याची दखल घेतली गेली. परंतु गुजरात विद्युत मंडळाच्या प्रकरणात (१९८९) बदलीविरुद्ध निवेदन दिले म्हणून रुजू होण्याचे टाळता येत नाही, असे ठरले व रुजू न झालेल्या कर्मचाऱ्याची नोकरी गेली. बिहारमधील शिक्षिकांच्या प्रकरणात (१९९१) हस्तक्षेपास दोनच वाटा ठेवण्यात आल्या : बंधनकारक सांविधिक नियमाचा भंग किंवा दुष्ट हेतू. शिलाँग येथील वनस्पती सर्वेक्षण कार्यालयातील एका उद्यानपालाची १९९१ मध्ये तत्कालीन उत्तर प्रदेशातील पौडी येथे बदली झाली. पत्नी शिलाँगलाच केंद्र शासनाच्या नोकरीत, मुले तेथेच शिकणारी आणि स्वतःच्या पाठीच्या कण्यास पूर्वी दुखापत झालेली. पती-पत्नींस शक्यतो एकाच ठिकाणी ठेवावे, अशी शासनाचीच मार्गदर्शक तत्त्वे होती. न्यायाधिकरणाने आदेश रद्द केला. सर्वोच्च न्यायालयाने १९९३ मध्ये तो निर्णय फिरविला. मार्गदर्शक तत्त्वांना कायद्याचे बळ नाही आणि कोणास कोठे पाठवावे हे प्रशासनाने ठरवावयाचे, ही त्यामागील भूमिका होती. प्रशासनाची घडी राखण्याच्या दृष्टीने ती समजण्याजोगी असली, तरी शासनाने दिलेले आश्वासन शासनावरच बंधनकारक नाही, असा तिचा व्यवहारात अर्थ झाला.

आमदाराच्या शिफारशीवरून झालेली बदली तेवढ्याच कारणाने अवैध ठरत नाही, असे २००७ मध्ये सांगण्यात आले. उलट २००८ मध्ये, निनावी तक्रारीवरून शिक्षेऐवजी केलेली बदली रद्द झाली.

महाराष्ट्रात या वादांस वेगळे वळण लागले. १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमान्वये १९९१ मध्ये महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण (‘मॅट’) स्थापन झाले. १९९७ पासून त्याच्या निर्णयांविरुद्ध उच्च न्यायालयात दाद मागता येते. अण्णा हजारे यांच्या आंदोलनांनंतर राज्याने बदल्यांचे विनियमन व शासकीय कामातील विलंबास प्रतिबंध करणारा २००५ चा अधिनियम केला. तो १ जुलै २००६ पासून अंमलात आला. त्यानुसार एका पदावरील सामान्य पदावधी तीन वर्षांचा असून सर्वसाधारण बदल्या एप्रिल वा मे महिन्यात करावयाच्या असतात. मुदतपूर्व बदलीस लेखी कारणे व वरिष्ठ सक्षम प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता लागते. अशा रीतीने जे बंधन पूर्वी केवळ परिपत्रकात असे, ते सांविधिक झाले व बिहार प्रकरणात उघडी ठेवलेली पहिली वाट कर्मचाऱ्यास मोकळी झाली. आता वाद हेतूचा न राहता नस्तीचा झाला : कारण लिहिले आहे काय, ते खरोखरच विशेष आहे काय, मान्यता बदलीपूर्वी घेतली की नंतर. मोघम कारणे देऊन काढलेले अनेक आदेश मॅटने व मुंबई उच्च न्यायालयाने यामुळे रद्द केले आहेत.

पोलीस दलाबाबत २००६ मध्ये व सनदी सेवांबाबत २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने किमान पदावधी आणि बदल्यांची शिफारस करणारी मंडळे यांविषयी निदेश दिले. तोंडी आदेशांची लेखी नोंद करण्याचा निदेशही २०१३ च्या निकालात आहे. तथापि आदेश रद्द होईपर्यंत मूळ पदावर दुसरा अधिकारी रुजू झालेला असतो, आणि पुष्कळदा त्यासही प्रतिवादी म्हणून न्यायाधिकरणासमोर उभे राहावे लागते.